मिसळणाचा डबा किती मोठा असावा?



इतिहासाच्या अध्यापकाने ब्राउझरच्या कॅशविषयी बोलावे, हे आपल्यापैकी काहींना चमत्कारिक वाटेल. मलाही वाटते. संगणकशास्त्राचा एक तासही मी कधी बाकावर बसून ऐकलेला नाही. परंतु आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयात एका भिंतीला लागून सहा संगणक मांडलेले आहेत, ग्रंथालय समितीचे काम गेली काही वर्षे माझ्याकडे आहे, आणि आसपासच्या गावांहून एस.टी.ने येणारी आमची मुले शिष्यवृत्तीचे अर्ज, परीक्षेचे अर्ज, प्रकल्पांचे लेखन, सारे काही त्या सहा यंत्रांवर करतात. यंत्रे मंदावली की तक्रार माझ्याकडे येते. त्या तक्रारी निस्तरताना मी थोडेफार शिकलो आणि दोन चुका केल्या. त्यांतली एक हसण्यावारी नेण्यासारखी होती, दुसरी नव्हती. दोन्ही आज आपणांस सांगणार आहे.

शब्दापासून सुरुवात करतो, कारण घोटाळा तिथूनच सुरू होतो. कॅश म्हटले की आपल्या कानाला रोकड ऐकू येते. एकदा मी ग्रंथालयात जरा मोठ्यानेच म्हणालो, "आधी सगळी कॅश साफ करून टाका." त्यावर काउंटरवरचे आमचे परिचर म्हणाले, "सर, दंडाची कॅश चौतीस रुपये आहे. खुशाल साफ करा, पण ऑडिटला उत्तर तुम्हीच द्यायचं!"

ही कॅश ती नव्हे. शब्द मूळचा फ्रेंच, आणि लपवून ठेवणे हा त्याचा अर्थ. उत्तर अमेरिकेच्या रानावनांत हिंडणारे शिकारी परतीच्या वाटेसाठी शिधा पुरून ठेवीत, त्या साठ्याला हे नाव होते. संगणकाच्या जगात कल्पना आधी आली आणि नाव मागाहून आले. केंब्रिजचे मॉरिस विल्क्स यांनी १९६५ साली अवघ्या दोन पानांच्या एका निबंधात अशी योजना मांडली, की संगणकाच्या मोठ्या परंतु संथ स्मृतीच्या जोडीला एक लहान परंतु चपळ स्मृती असावी, आणि नुकतेच वापरलेले ते तिच्यात राहावे. तिला त्यांनी दास-स्मृती अशा अर्थाचे इंग्रजी नाव दिले होते. १९६८ मध्ये आयबीएमच्या 'सिस्टिम ३६०' मालिकेतील मॉडेल ८५ या यंत्राच्या वेळी तिला कॅश हे नाव मिळाले आणि तेच पुढे रूढ झाले. त्या अवाढव्य यंत्राची मूळची कॅश होती १६ किलोबाइटची. आज मोबाइलवर काढलेल्या एका साध्या फोटोला याच्या शंभरपटीहून अधिक जागा लागते!

ब्राउझरची कॅश हे त्याच कल्पनेचे घरगुती रूप. घरगुती हा शब्द मी मुद्दाम वापरला. आपले स्वयंपाकघर डोळ्यांसमोर आणा. शेगडीशेजारी ओट्यावर मिसळणाचा डबा असतो. त्यात मोहरी, जिरे, हळद, तिखट, जे फोडणी जळायच्या आत हाताला लागले पाहिजे ते. आत कोठीच्या खोलीत डाळ-तांदळाचे, पोह्यांचे डबे. आणि घरात जे नाहीच, त्यासाठी बाजार. ब्राउझरचा संसार अगदी असाच चालतो. एखादे पान आपण उघडतो तेव्हा त्यातली चित्रे, अक्षरांचे वळण, मांडणीच्या सूचना या प्रत्येक गोष्टीसाठी त्याला दूरच्या संगणकाकडे, म्हणजे बाजारात, जावे लागते. एकदा आणलेले सामान तो घरात ठेवतो: काही संगणकाच्या स्मृतीत, जिला आपण रॅम म्हणतो, आणि बरेचसे डिस्कवर. पुन्हा तेच पान उघडले की आधी घरात शोधतो. हाताशी आहे ती मेमरी कॅश, कोठीत आहे ती डिस्क कॅश.

अंतरे किती आहेत याची कल्पना आल्याखेरीज पुढचे सांगणे उमजणार नाही. स्मृतीतून एखादी गोष्ट काढण्यास स्थूलमानाने सेकंदाचा एक कोटीवा भाग लागतो. फिरत्या तबकडीच्या जुन्या हार्ड डिस्कवरून काढण्यास सेकंदाचा शंभरावा भाग. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरील संगणकाला मुंबईहून प्रश्न विचारून उत्तर येण्यास सेकंदाचा सुमारे पाचवा भाग. हे सारे आपल्याला 'लगेच'च वाटते. पण काळ एक कोटीपट ताणून पाहा. मिसळणाच्या डब्यातून मोहरी घ्यायला एक सेकंद लागला, तर कोठीतून डाळ आणायला सुमारे अठ्ठावीस तास लागतील, आणि बाजारात जाऊन यायला तेवीस दिवस! हल्लीच्या एसएसडी डिस्का पुष्कळच चपळ. त्यांच्या हिशेबाने कोठीची फेरी सतरा-एक मिनिटांची. आमच्या सहा यंत्रांत मात्र त्या काळी जुन्या तबकड्याच होत्या, आणि स्मृती प्रत्येकी ४ जीबी.

हे आकडे कळल्यावर माणसाच्या मनात जे येते तेच माझ्याही मनात आले. मिसळणाचा डबा जर इतका चपळ, तर तोच मोठा का करू नये? सगळे घर त्या डब्यात का भरू नये? शिवाय तसा सल्ला देणारेही भेटतात. एका ओळखीच्या गृहस्थांनी मला कृतीच लिहून दिली. फायरफॉक्सच्या पत्त्याच्या जागी 'अबाउट कोलन कॉन्फिग' असे लिहावयाचे, की आतल्या गाभाऱ्याचे दार उघडते. पूर्वी या दारावर 'याने तुमची वॉरंटी जाऊ शकते' अशी गमतीची पाटी असे आणि 'मी जपून वागेन, शपथेवर सांगतो' असे बटण दाबून आत जावे लागे. आता पाटी गंभीर झाली आहे, दार तेच आहे. आत गेल्यावर 'ब्राउझर डॉट कॅश डॉट डिस्क डॉट एनेबल' ही नोंद बंद करावयाची, म्हणजे कोठीला कुलूप. आणि 'ब्राउझर डॉट कॅश डॉट मेमरी डॉट कपॅसिटी' या नोंदीपुढे किलोबाइटमध्ये हवा तो आकडा लिहावयाचा. मी लिहिला १०,४८,५७६. बरोबर एक जीबी. सहाही यंत्रांवर मी स्वतः हा आकडा भरला, आणि ब्राउझर बंद केला तर मेमरी कॅश नाहीशी होते म्हणून मुलांना ताकीद दिली की दिवसभर तो बंद करू नका.

पहिल्या दिवशी सकाळी सगळे खूश. दुसऱ्यांदा उघडलेले पान टपकन समोर येई. दुपारी दोनच्या सुमारास मात्र यंत्रांच्या पुढचे तांबडे दिवे लुकलुकायचे थांबून अखंड जळू लागले. म्हणजे डिस्क सारखी फिरत होती. आतून कर्रकर्र आवाज, माऊसचा बाण जागच्या जागी अडलेला, आणि एक मुलगा अर्जाचे 'सादर करा' हे बटण दाबून वाट बघत बसलेला. अर्ज गेला की नाही ते त्याला कळेना आणि मलाही कळेना. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी सकाळी आणखी एक गोष्ट ध्यानात आली. रात्री यंत्रे बंद झाली की डब्यातले सारे नाहीसे होई, कोठीला मीच कुलूप घातलेले, त्यामुळे सकाळी दहा वाजता सहाही यंत्रे तीच ती पाने आणावयास एकाच वेळी बाजारात पळत. कॉलेजची लाइन एकच. पूर्वी जे पान निदान डिस्कवरून मिळे, ते आता रोज नव्याने आणावे लागत होते.

दुपारी काय होत होते, ते समजावयाला मला काही दिवस लागले. मिसळणाचा डबा ओट्यावर असतो, हे मी विसरलो होतो. ओट्यावरच पोळ्या लाटावयाच्या असतात, भाजी चिरावयाची असते. संगणकाची स्मृती म्हणजे तो ओटा. उघडलेले प्रत्येक पान, विंडोज स्वतः, विषाणूंवर पहारा करणारा प्रोग्राम, सगळ्यांना काम करावयास तीच जागा. डब्याने ती व्यापली की पोळपाट ठेवायला जागा उरत नाही, आणि मग संगणक काय करतो? ओट्यावरचे काही सामान उचलून डिस्कवर नेऊन ठेवतो आणि लागेल तसे परत आणतो. म्हणजे जे डिस्कवर ठेवू नये म्हणून मी एवढा खटाटोप केला, तेच शेवटी डिस्कवर जात होते, आणि शिवाय पोळपाट-लाटणेही तिकडे जात होते. खरे सांगायचे तर सारा दोष कॅशचा नव्हता. ब्राउझर बंद करू नका म्हटल्यावर मुलांनी पंधरा-पंधरा, वीस-वीस पाने उघडी ठेवली होती, आणि त्यांचेही ओझे होतेच. पण ती ताकीदही माझीच.

बरे, ज्यांनी हा सल्ला दिला ते खोटे बोलत होते काय? मुळीच नाही. तो सल्ला एका काळी खरा होता. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने आपल्या देशात सर्वसामान्यांना इंटरनेट खुले केले, ते टेलिफोनच्या तारेवरून. आम्ही कॉलेजात शिकत असताना सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून बसत असू आणि एखादे चित्र वरून खाली असे पट्ट्यापट्ट्याने उलगडत येई. निम्मे चित्र येईतो मालक वेळ संपली म्हणून सांगे. त्या काळच्या नेटस्केप ब्राउझरच्या सेटिंगमध्ये दोन चौकोन समोरच असत, एक मेमरी कॅशचा, एक डिस्क कॅशचा, आणि दोन्हींत किलोबाइटचे आकडे आपल्या हाताने लिहिता येत. इंटरनेट एक्सप्लोररमध्ये डिस्कवरची किती जागा वापरावी हे सांगण्याची सोय होती. बाजार इतका दूर असताना घरात जेवढे साठवाल तेवढे थोडेच होते. पुढे बाजार जवळ आला. नेटस्केप गेला, इंटरनेट एक्सप्लोररही जून २०२२ मध्ये निवृत्त झाला. क्रोमने तर असा चौकोन कधी समोर मांडलाच नाही. डिस्क कॅशची मर्यादा ठरवावयाचीच असेल तर प्रोग्राम सुरू करण्याच्या आज्ञेत तसा शब्द जोडावा लागतो. माणसे गेली, यंत्रे गेली, सल्ला मात्र एका तोंडातून दुसऱ्या तोंडात जात राहिला. आम्हा इतिहासवाल्यांना याचे नवल वाटावयाला नको होते.

फायरफॉक्सच्या कर्त्यांनी स्वतः हा डबा किती मोठा ठेवला आहे, ते पाहिले तेव्हा मी चकित झालो. कपॅसिटीच्या नोंदीत उणे एक असा आकडा असला की तो यंत्राची स्मृती मोजून आपला आपण हिशेब करतो. स्मृती १ जीबी असेल तर मेमरी कॅश १८ एमबी. ४ जीबीला ३० एमबी. ८ जीबी असो, सोळा असो, चौसष्ट असो, ३२ एमबी आणि बस्स! आणि मी भरले होते १०२४ एमबी. कर्त्यांच्या हिशेबाच्या चौतीसपट.

हे कृपणपण नव्हे. कॅशचे खरे मर्म तिच्या आकारापेक्षा दुसऱ्या एका गोष्टीत आहे: जागा संपल्यावर काय टाकून द्यावयाचे. हंगेरीत जन्मलेले आणि आयबीएममध्ये काम करणारे लास्लो बेलाडी यांनी १९६६ साली या प्रश्नाचा पाया घातला. उत्तम उत्तर काय, तर जी गोष्ट पुढे सर्वांत उशिरा लागणार आहे ती आज टाकावी. पण पुढचे कोणाला दिसते? म्हणून व्यवहारात मागे पाहून अदमास करावयाचा, जे बराच काळ कोणी मागितले नाही ते आधी काढावयाचे. आपल्या घरातली वडीलधारी बाई कोठी आवरताना हेच करते. बेलाडी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६९ मध्ये आणखी एक विलक्षण गोष्ट दाखवून दिली. 'जे आधी आले ते आधी बाहेर' एवढ्याच नियमाने चालले, तर कधी कधी जागा वाढवल्यावर चुकामूक कमी होण्याऐवजी वाढते. ब्राउझर असल्या भोळ्या नियमाने चालत नाहीत, तेव्हा माझ्या ग्रंथालयातल्या प्रकाराचे खापर मला या सिद्धांतावर फोडता येणार नाही. पण 'अधिक म्हणजे चांगले' ही आपली उपजत समजूत किती ठिसूळ आहे, हे मला त्यातून कळले.

कोठीविषयीही एक गंमत ऐका. डिस्क बाजारापेक्षा नेहमीच जवळ असते, असे मघाच्या हिशेबावरून वाटेल. पण डिस्क जुनी असली, आधीच दुसऱ्या कामात गुंतलेली असली आणि लाइन चांगली असली, तर बाजारातून येणारा माणूस आधी पोहोचतो. म्हणून मार्च २०१८ मध्ये आलेल्या फायरफॉक्सच्या एकोणसाठाव्या आवृत्तीत अशी व्यवस्था झाली, की डिस्क संथ दिसली तर दोघांनाही एकदमच पाठवावयाचे, आणि जो आधी येईल त्याचे सामान घ्यावयाचे. घरात एका भांड्यासाठी दोन पोरे पळवावी, तसे. आता अशा व्यवस्थेवर आपण बाहेरून एक आकडा ठोकून बसवला तर तिला मदत होण्यापेक्षा अडचणच अधिक.

तेव्हा माझा अनुभव असा, की आपल्यापैकी कोणी कधी हे आकडे बदलले असतील, तर ते पूर्ववत करावे. त्या नोंदीच्या उजव्या कडेला मूळ आकडा परत आणण्याचे बटण असते. यंत्र अगदीच जुने आणि स्मृती तोकडी असेल, तर कॅशपेक्षा एका दुसऱ्या नोंदीकडे पाहा. 'मागे' हे बटण दाबल्यावर आधीचे पान क्षणात यावे म्हणून फायरफॉक्स मागची पाने जशीच्या तशी, जिवंत, स्मृतीत धरून ठेवतो, यंत्राच्या ऐपतीप्रमाणे आठांपर्यंत. तिचे नाव 'ब्राउझर डॉट सेशनहिस्टरी डॉट मॅक्स टोटल व्ह्यूअर्स' असे लांबलचक आहे. तिथेही उणे एक असते. आम्ही तिथे दोन लिहिले, आणि त्याचा उपयोग झाला. क्रोममध्ये डिसेंबर २०२२ पासून मेमरी सेव्हर नावाची सोय आहे. ती उघडी पडलेली परंतु कोणी न पाहिलेली पाने निजवून ठेवते. ती चालू असू द्यावी. आणि सर्वांत साधे म्हणजे, लागत नाहीत ती पाने बंद करावी. आमच्या मुलांना हे शिकवायला मला सर्वांत जास्त वेळ लागला.

आता दुसरी चूक. ती सांगणे मला अजून जड जाते.

तृतीय वर्षाची एक विद्यार्थिनी माझ्याकडे प्रकल्प करीत होती. विषय होता, १९७२ च्या दुष्काळाच्या तिच्या गावातल्या आठवणी. गावात एक वृद्ध गृहस्थ होते. ऐन पोरवयात त्यांनी दुष्काळी कामावर रस्त्याची खडी फोडलेली, सुकडी खाल्लेली. दर रविवारी ही मुलगी त्यांच्यापाशी बसे आणि सोमवारी ग्रंथालयातल्या तिसऱ्या संगणकावर ऐकलेले सगळे लिहून काढी. फोनवर ध्वनिमुद्रण करू द्यायला ते तयार नव्हते. लिहिण्यासाठी तिने एक टिपणवहीची साइट धरली होती. नाव-पासवर्ड काही लागत नसे, लिहिलेले त्या संगणकाच्या ब्राउझरमध्येच साठून राही, आणि म्हणून ती नेहमी तिसऱ्याच संगणकाचा हट्ट धरी. हे मला ठाऊक नव्हते. मी कधी विचारलेच नव्हते.

एके दिवशी ती आली. म्हणाली, "सर, वसतिगृहाची यादी आज लागली म्हणतात, मला मात्र जुनीच दिसतेय." आज संध्याकाळपर्यंत पैसे भरावयाचे, नाहीतर जागा जायची. मी म्हटलं, "कॅशमुळे होतंय ते, थांब." तिला उठवून मी खुर्चीवर बसलो. 'डेटा साफ करा' हे दालन उघडले, काळ म्हणून 'पहिल्यापासूनचा सगळा' निवडला, आणि तिथे जितक्या चौकटी होत्या तितक्या सगळ्यांत खुणा करून बटण दाबले. यादी आली. तिचे नाव तीत होते. ती हसत हसत पैसे भरायला गेली. तासाभराने परत आली आणि तिसऱ्या संगणकासमोर बसली. मग माझ्याकडे येऊन तिने विचारले, "सर, माझं लिहिलेलं कुठं गेलं?"

अकरा रविवारांची टिपणे होती. ती मी पुसली होती.

यात कॅशचा काडीचाही दोष नाही. कॅश ही बाजारातून आणलेल्या मालाची साठवण. ती पुसली तरी माल बाजारात असतोच, फार तर पुन्हा आणण्याचे कष्ट पडतात. पण त्याच दालनात तिच्या शेजारी आणखी एक चौकट असते, 'कुकीज आणि साइटचा डेटा' अशा अर्थाची. तिच्यात साइटने आपल्या ब्राउझरपाशी ठेवायला दिलेल्या वस्तू असतात, आपली ओळख आणि कधी कधी आपले स्वतःचे लिखाण. ते दुसऱ्या कुठेही नसते. कोठी साफ करताना कपाटातली घरची कागदपत्रे मी केराबरोबर टाकून दिली होती. दोन चौकटी, एकीखाली एक. वाचायला दोन क्षणही लागले नसते.

आणि यादीसाठी तर काहीच पुसण्याची गरज नव्हती. जुनी यादी का दिसत होती तेही सांगतो. पान पाठवणारा संगणक सोबत सांगू शकतो, की हे इतका वेळ ताजे धरा, त्यानंतर मला विचारा. मुदत संपली की ब्राउझर 'बदलले आहे का?' एवढेच विचारतो, आणि 'नाही' असे उत्तर आले की घरातलेच दाखवतो. दुकानात पोराला नुसता भाव विचारायला धाडावे, तसे. पण पुष्कळ ठिकाणी ही मुदत लिहिलेलीच नसते. मग ब्राउझर अंदाज बांधतो. शेवटचा बदल होऊन जितके दिवस झाले त्याचा साधारण दहावा हिस्सा ते पान ताजे धरावे, असा सर्वमान्य हिशेब आहे. वसतिगृहाचे ते पान वीस दिवस कोणी हलवले नव्हते. मुलीने आदल्या दिवशी ते पाहिले होते. ब्राउझरने ते दोन दिवस ताजे धरले, आणि नेमकी त्या दोन दिवसांत यादी लागली. अशा वेळी कंट्रोल धरून एफ-५ दाबावे. ब्राउझर घरातला माल बाजूला सारून तेवढे एकच पान नव्याने आणतो, बाकी कशाला हात लावत नाही. मला हे माहीत होते. घाईत आठवले नाही.

त्या मुलीने काही तक्रार केली नाही. पुढच्या रविवारी ती परत त्या गृहस्थांकडे गेली. त्यांनी पुष्कळसे पुन्हा सांगितले, खडीची पाटी किती जड असे, मुकादम कसा होता, पहिला पाऊस कधी आला. पण पहिल्या खेपेला ते आपल्या थोरल्या बहिणीविषयी खूप बोलले होते. ती त्यांच्याबरोबर कामावर होती आणि त्याच उन्हाळ्यात वारली. दुसऱ्या खेपेला तिचे नाव त्यांनी काढले नाही. हिने विचारले तेव्हा म्हणाले, "झालं की ते सांगून." आणखी एकदा ती गेली. तेव्हाही तेच. शेवटी बहिणीचा भाग तिने आपल्या आठवणीवरून लिहिला, आणि खाली टीप दिली, की हा मजकूर पहिल्या कथनातील असून मूळ टिपणे उपलब्ध नाहीत. ती का उपलब्ध नाहीत हे तिने लिहिले नव्हते. मी तिला ते लिहावयास लावले.

प्रकल्प वेळेत सादर झाला. वसतिगृहात जागाही मिळाली. आता ती आधी दोनशेपानी वहीत लिहिते आणि मग संगणकावर उतरवते. मी तिला एवढेच सुचवले, की उतरवून झाल्यावर एक प्रत स्वतःच्या ईमेलवर पाठवीत जा.

सायबर कॅफेत किंवा कोणाच्याही सामायिक यंत्रावर बसणाऱ्यांसाठी एक गोष्ट राहिली. तिथे आपली ओळख मागे राहू नये हे खरेच आहे. त्यासाठी सुरुवातीलाच खासगी खिडकी उघडावी. ती बंद केली की तिच्यातले सारे आपोआप जाते, आणि दुसऱ्या कोणाचे काही पुसले जात नाही. तिच्यात मात्र जपून ठेवावयाचे असे काही लिहू नये.

आमच्या सहाही संगणकांवर आता दोन्ही कॅश चालू आहेत आणि दोन्हींचे आकडे ब्राउझरवर सोपवले आहेत. प्रत्येक पडद्याच्या कडेला मी एक चिठ्ठी डकवली आहे: 'पान जुने दिसल्यास कंट्रोल आणि एफ-५. काहीही पुसण्यापूर्वी ग्रंथालयात विचारा.' तिसऱ्या संगणकावरच्या चिठ्ठीखाली कोणीतरी पेन्सिलने लिहिले आहे, 'सरांना नको.'

आपल्या घरच्या यंत्रात काय चालले आहे ते पाहावयाचे असेल, तर फायरफॉक्समध्ये पत्त्याच्या जागी 'अबाउट कोलन कॅश' असे लिहा. मेमरीत किती नोंदी, डिस्कवर किती, त्यांनी किती जागा व्यापली आहे, हे सगळे तिथे मांडलेले असते. पाहण्याने काही बिघडत नाही. या वर्षी समितीने थोडे पैसे मंजूर केले, त्यातून दोन यंत्रांना आणखी चार-चार जीबी स्मृती आणि एसएसडी डिस्का बसवल्या. मुले सकाळी आली की आधी त्या दोहोंकडे धावतात. उरलेल्या चार यंत्रांचा प्रस्ताव पुढच्या बैठकीत आहे.